ज्येष्ठता यादीतली बाई

(नोकरदार स्त्रियांच्या शिबिरात केलेले भाषण. बोलण्यातली पुनरुक्ती तेवढी काढली आहे.)

शिबिराचं निमंत्रण द्यायला आलेल्या मैत्रिणीनं मला विषय दिला, 'पदोन्नतीतलं आरक्षण आणि ज्येष्ठता'. आणि उठता उठता म्हणाली, "फार कायद्यात नका शिरू हं, बायका कंटाळतात." मला नाही वाटत बायका कायद्याला कंटाळतात. पोटगीचा कायदा आपण रात्री जागून समजून घेतला. ४९८अ आता नव्या संहितेत दुसऱ्या नंबरानं आलंय, पण आपल्या बायका अजून जुन्याच नंबरानं बोलतात, इतकं ते अंगवळणी पडलंय. कंटाळा येतो तो आपला संबंध नाही असं वाटणाऱ्या गोष्टीचा. ज्येष्ठता यादीशी आपला संबंध नाही असं आपल्याला वाटत आलं, हीच तर माझी तक्रार आहे. तेव्हा मी कायद्यात शिरणार. कुठं अडलं तर तिथंच हात वर करा.

आधी मी कोण ते सांगते. मी एका जिल्ह्याच्या महसूल खात्यात छत्तीस वर्षं नोकरी केली. १९८६ साली लिपिक म्हणून लागले, अनुसूचित जातीच्या राखीव जागेवर. त्या वेळी बायकांसाठी वेगळं आरक्षण नव्हतं, ते राज्याच्या १९९४ च्या महिला धोरणानं आलं. २०२२ साली नायब तहसीलदार म्हणून निवृत्त झाले. राखीव जागेवरच्या पुरुषांना आमच्याकडं पाठीमागं 'सरकारचे जावई' म्हणायचे. मला काय म्हणावं ते कुणाला सुचलं नाही. सून म्हणायला हरकत नव्हती, पण सुनेला काम करावं लागतं हे सगळ्यांना माहीत असतं, मग टोमणा कसा बसणार?

आता यादी. एका पदावरच्या सगळ्या कर्मचाऱ्यांची रांग म्हणजे ज्येष्ठता यादी. दर वर्षी १ जानेवारीची स्थिती धरून ती करायची असते. आधी तात्पुरती यादी निघते, तिच्यावर हरकती मागवतात, मग अंतिम यादी. वरची जागा रिकामी झाली की या रांगेतून नावं उचलून पदोन्नती समितीपुढं ठेवतात. समिती गोपनीय अहवाल बघते, खात्याची परीक्षा पास आहे का बघते, कुणावर चौकशी चालू आहे का बघते. पण समितीपुढं नाव जायचं की नाही, हे ठरतं यादीत. शेतकरी बाईचं नाव सातबाऱ्यावर लागावं म्हणून या महाराष्ट्रात चळवळ झाली. नोकरदार बाईचा सातबारा हा आहे, आणि तो आपण वाचत नाही. आमच्या कार्यालयात यादी फलकावर लागली की पुरुष घोळक्यानं वाचायचे. कुणी कागदावर उतरवून घ्यायचे. बायका गर्दी ओसरल्यावर जायच्या, आपलं एक नाव बघून परत. वर कोण, खाली कोण, शेऱ्याच्या रकान्यात काय लिहिलंय, हे बघायच्या नाहीत. पहिली दहा वर्षं मीही बघितलं नाही.

माझी एक मैत्रीण होती तिथं. तिची गोष्ट सांगायची परवानगी मी घेतलीय, नाव सांगायची घेतलेली नाही. ती खुल्या प्रवर्गातली, माझ्याहून पाच वर्षांनी मोठी. आमच्या जिल्ह्याच्या यादीत ती १९८३ साली आली. आमची टेबलं शेजारी. ती मला नावानं हाक मारायची, मी तिला ताई म्हणायची. पहिली दोनेक वर्षं तिनं माझ्या डब्यातलं काही खाल्लं नाही. उपास आहे म्हणायची. आठवड्यात किती उपास येतात ते मलाही ठाऊक होतं. मग एकदा तिच्या मुलीला ताप होता, ती डबा न घेताच धावतपळत आली, आणि मी काही न बोलता माझ्या डब्याचं झाकण तिच्यापुढं सरकवलं. त्यानंतर उपास संपले. पुढची चौदा वर्षं आम्ही एका डब्यातलं खाल्लं.

१९९६ साली अव्वल कारकुनाच्या जागा निघाल्या. राखीव जागा भरायला बिंदुनामावली असते. आखलेली पाटी समजा, कितवा बिंदू कोणत्या प्रवर्गाचा हे तिच्यावर आधीच लिहिलेलं. लोकांना वाटतं ही पाटी कायम फिरत राहते आणि राखीव माणसं भरतच राहतात. तसं नाही. सर्वोच्च न्यायालयानं १९९५ च्या फेब्रुवारीत सभरवाल खटल्यात सांगितलं, की एकदा त्या त्या प्रवर्गाचा वाटा भरला की पाटी थांबते. मग ज्या प्रवर्गाचा माणूस जाईल त्याच प्रवर्गाचा त्या जागी येईल. तर त्या वर्षी आमच्या पाटीवर अनुसूचित जातीचा बिंदू रिकामा होता आणि त्या प्रवर्गात सगळ्यांत ज्येष्ठ मी होते. यादीत माझ्यावर वीसएक नावं होती, ताईचंही होतं. मी अव्वल कारकून झाले. ताईनं पेढे वाटले, खरंच वाटले. ती स्वतः अव्वल कारकून झाली २००० साली.

आता दोघी एकाच पदावर. या नव्या रांगेत पुढं कोण?

साधा हिशेब असा, की त्या पदावर जी आधी आली ती पुढं. चार वर्षं मी त्या खुर्चीवर बसून काम केलं होतं. दुसरा हिशेब असा, की खालच्या यादीत ताई वर होती, ती उशिरा का होईना वर आली, तर तिला तिची जुनी जागा परत द्या. राखीव बिंदूवर तुम्ही आधी चढलात, पण चढण्यापुरतंच. मागून येणाऱ्यानं गाठलं की तुम्ही बाजूला व्हायचं. या एका प्रश्नावर या देशात घटनादुरुस्त्या आणि डझनभर निकाल झालेत. मी मोजकेच सांगते.

१९९२ च्या नोव्हेंबरात इंद्रा साहनी खटल्याचा, म्हणजे मंडलचा निकाल आला. नऊ न्यायाधीशांच्या पीठानं सांगितलं, घटनेच्या १६(४) मध्ये भरतीतलं आरक्षण बसतं, पदोन्नतीतलं बसत नाही. जिथं चालू आहे तिथं पाच वर्षं चालू द्या. म्हणून संसदेनं ७७ वी दुरुस्ती करून अनुसूचित जाती-जमातींपुरतं पदोन्नतीतलं आरक्षण घटनेतच घातलं. ते १७ जून १९९५ पासून लागू झालं. ही तारीख लक्षात ठेवा. चारच महिन्यांनी, ऑक्टोबर १९९५ मध्ये, रेल्वेतल्या गार्डांच्या वीरपालसिंग चौहान खटल्यात न्यायालयानं मागून गाठायचा नियम मान्य केला. आरक्षण मिळालं, ज्येष्ठता काढली. १९९९ च्या सप्टेंबरात अजितसिंग खटल्यात पाच न्यायाधीशांनी तोच नियम पक्का केला.

तो निकाल हातात घेऊन आमच्या कार्यालयात अर्ज गेला. २००१ ची तात्पुरती यादी लागली, आणि मी सहा नावांनी खाली. माझ्या वर ताई.

तो अर्ज मी नंतर फायलीत वाचला. सह्या अकरा, दहा पुरुषांच्या. पण पहिली सही ताईची, आणि मजकुरात वाक्य होतं, 'एका ज्येष्ठ महिला कर्मचाऱ्यावर घोर अन्याय झाला आहे.' मैत्रिणींनो, त्या दहा पुरुषांपैकी एकानंही तोवर कधी बायकांवरच्या अन्यायाबद्दल ब्र काढला नव्हता. बायकांच्या स्वच्छतागृहाला कडी नव्हती, तीन वर्षं आम्ही मागत होतो, तेव्हा हेच हसले होते. ताईला मी विचारलं. ती म्हणाली, "त्यांनी लिहून आणलं, मी सही केली. पण माझं जे आहे ते मला नको का गं?" मी गप्प बसले. तिचं चुकलं असं मला आजही म्हणता येत नाही. दुसऱ्या दिवसापासून आमचे डबे वेगळे झाले.

मी हरकत नोंदवली आणि तीन ठिकाणी गेले. कर्मचारी संघटनेत गेले, तर ते म्हणाले, सभासद दोन्ही बाजूंना आहेत, आम्ही तटस्थ. मागासवर्गीय कर्मचाऱ्यांच्या संघटनेत गेले. ते मात्र धावून आले, माझं नाव घेऊन निवेदन दिलं, त्यांचे उपकार मी विसरणार नाही. पण बैठकीला बोलावलं ते चहाच्या वेळी. आणि मी म्हटलं, की आपल्या बायका पदोन्नती नाकारतात, त्याचं काय करायचं, तर अध्यक्ष म्हणाले, "ताई, ते घरचे प्रश्न." तिसरं ठिकाण म्हणजे आपलं. आपल्यासारखाच एक महिला गट. हुंड्याच्या, मारहाणीच्या कितीतरी केसेस मी त्यांच्याबरोबर केल्या होत्या. त्यांनी नीट ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "हा जातीचा प्रश्न आहे, कोर्टात आहे, दोन्हीकडं बायका आहेत. आपण यात न पडलेलं बरं."

हे मी उणंदुणं काढायला सांगत नाही. तेव्हा मलाही उत्तर देता आलं नव्हतं. पण पुढं मला एक आठवलं. आपल्या शिबिरांत सी. बी. मुथम्मांचं प्रकरण हमखास सांगतात. परराष्ट्र सेवेतली पहिली बाई. लग्न करायचं तर बाईनं सरकारची लेखी परवानगी घ्यायची, असा त्या सेवेचा नियम होता. पदोन्नती डावलली म्हणून त्या सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि १९७९ साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यरांनी सरकारचे कान उपटले. आपण ते बाईच्या मानाचं प्रकरण म्हणून सांगतो. पण ते मुळात ज्येष्ठतेचं प्रकरण होतं. कनिष्ठ माणसं पुढं गेली होती, आणि निकालात त्यांच्या ज्येष्ठतेचा फेरविचार करायला सांगितलं होतं. म्हणजे ज्येष्ठतेचा प्रश्न बाईचा प्रश्न असू शकतो हे आपण तेव्हाच मान्य केलं होतं. माझ्या वेळेला तो जातीचा कसा झाला?

असो. पुढं संसदेनं ८५ वी दुरुस्ती केली. २००२ च्या जानेवारीत ती आली, पण लागू केली मागच्या तारखेपासून, १७ जून १९९५ पासून. पदोन्नती मिळाली की तिच्याबरोबर येणारी ज्येष्ठताही मिळेल, असं घटनेतच लिहिलं. माझी पदोन्नती १९९६ ची. माझ्या हरकतीवर सुनावणी झाली, अंतिम यादीत मी परत वर, ताई खाली. ज्या फलकापुढं सहा महिन्यांपूर्वी मी उभी होते तिथं ती उभी होती. मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू? पण जेवणाच्या सुट्टीत टेबलाशी एकटीनं डबा उघडला आणि घास गिळेना.

आता मी जे सांगायला आलेय ते इथून पुढं आहे.

२००३ साली माझ्याकडं आस्थापनेचं टेबल आलं. सेवापुस्तकांची पडताळणी चालू होती. ताईचं सेवापुस्तक माझ्या हातात आलं. पहिलं पान उघडलं आणि नेमणुकीची तारीख बघितली, तर १९७९. मला वाटलं चूक झालीय. पुढं उलगडत गेले. ती १९७९ साली लागली होती, पण दुसऱ्या जिल्ह्यात, माहेरच्या. लग्न झालं, नवरा इकडं नोकरीला. तिनं विनंती बदली मागितली. लिपिकाची यादी जिल्ह्याची असते. विनंतीवरून जिल्हा बदलला की नव्या जिल्ह्याच्या यादीत शेवटून पहिलं नाव लागतं. तसं लेखी द्यावं लागतं. तो कागद सेवापुस्तकाला टाचलेला होता, तिच्या अक्षरात: 'पूर्वीच्या जिल्ह्यातील सेवाज्येष्ठतेवर माझा कोणताही हक्क राहणार नाही, हे मला मान्य आहे.' तारीख १९८३.

मी पेन्सिल घेतली आणि तिची चार वर्षं धरून यादी मनातल्या मनात लावली. १९९६ मध्ये तिच्या वर जी नावं होती त्यांतली बहुतेक १९८० ते १९८३ मधली. ती चार वर्षं मोजली असती तर ती खुल्या जागेवरच, माझ्या आधी, किती तरी आधी अव्वल कारकून झाली असती. आमचं भांडण झालंच नसतं.

संध्याकाळी मी तिला अभिलेख कक्षात नेलं आणि तो कागद दाखवला. किती वर्षांनी आम्ही धड बोलत होतो. तिनं स्वतःची सही बराच वेळ बघितली. म्हणाली, "मी हे विसरूनच गेले होते गं. तेव्हा सगळ्याच बायका लिहून द्यायच्या." मग म्हणाली, "तुझ्याविरुद्ध अर्ज करायला मला दहा जणांनी कागद आणून दिला. ह्याच्याविरुद्ध अर्ज कुणाकडं करायचा?"

मला अजून उत्तर सापडलेलं नाही. म्हणूनच मी तुमच्यापुढं उभी आहे.

बघा, ज्येष्ठता म्हटलं की सगळे असे बोलतात, जणू ती कष्टानं मिळवलेली, स्वच्छ, मोजून घेतलेली गोष्ट आहे आणि आरक्षण येऊन तिच्यात खोट घालतं. पण आस्थापनेच्या टेबलावर बसून मी बघितलं, की ही रांग कशाकशानं बनते. लग्नानं बनते, आताच सांगितलं. पुरुषाची विनंती बदली मी बघितली नाही असं नाही, पण बायकोच्या गावाला जायचं म्हणून चार वर्षांची ज्येष्ठता सोडून आलेला पुरुष माझ्या टेबलावर एकही आला नाही. परीक्षेनं बनते. आमच्याकडं लिपिकाला दुय्यम सेवा परीक्षा, पुढं अव्वल कारकुनाला महसूल अर्हता परीक्षा. ठरलेल्या वर्षांत, ठरलेल्या संधींत पास झालं नाही की ज्येष्ठता गेली. ही वर्षं नेमकी बाळंतपणाची. आमची एक सहकारी आठव्या महिन्यात परीक्षेच्या गावाला एस.टी.नं गेली, एक पेपर दिला आणि दुसऱ्या दिवशी दवाखान्यात. बाळ वाचलं. संधी गेली. यादीत तिच्या नावापुढं शेरा आहे, 'विहित मुदतीत परीक्षा अनुत्तीर्ण'. त्या शेऱ्यात बाळ कुठंच नाही.

आणि नकारपत्रानं बनते. हे सगळ्यांत मोठं. अव्वल कारकुनापर्यंत जिल्ह्यात राहता येतं. नायब तहसीलदार झालं की विभागात कुठंही नेमणूक. पत्र आलं की बाई घरी जाते आणि दोन दिवसांनी कागद घेऊन येते: 'कौटुंबिक अडचणीमुळे मला पदोन्नती नको.' एकदा नाकारली की निवडसूचीतून नाव गेलं, पुढं काही काळ विचार होत नाही. ताईनं २०१० साली नाकारली, सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या. ती अव्वल कारकून म्हणूनच २०१७ साली निवृत्त झाली. ज्या खुर्चीसाठी आम्ही एकमेकींशी बोलणं टाकलं होतं, तिच्या पुढची खुर्ची तिनं चार ओळींत सोडून दिली. राखीव प्रवर्गातल्या बायकाही नाकारतात. मग तो राखीव बिंदू त्याच प्रवर्गातल्या पुढच्या माणसाला जातो, आणि तो बहुधा पुरुष असतो. संघटनेचे अध्यक्ष म्हणाले होते ना, घरचे प्रश्न. त्या घरच्या प्रश्नांवर त्यांची स्वतःची पदोन्नती झाली होती.

मी २००८ साली नाकारली नाही. मुलगा दहावीला, त्याला सासूबाईंकडं ठेवून चार तासांच्या अंतरावरच्या तालुक्याला गेले. तिथं खोली मिळेना. एकटी बाई म्हणून आधी नको म्हणायचे. साहेब आहेत कळल्यावर हो म्हणायचे. मग आडनाव विचारायचे आणि खोली कालच दिलेली असायची. दोन महिने विश्रामगृहात काढले. यादीत याचाही शेरा नाही.

बायकांसाठीचं तीस टक्के समांतर आरक्षण आहे, ते या सगळ्यावर उपाय करत नाही का? नाही. ते सरळसेवेत, म्हणजे दारातून आत येताना आहे. आत आल्यावर पदोन्नतीच्या जिन्यावर बाई म्हणून कुणी मोजत नाही. तिथं मी फक्त अनुसूचित जाती आणि ताई फक्त खुली. ओबीसी बाईला तर पदोन्नतीत ना बाई म्हणून काही, ना ओबीसी म्हणून. बाई दारात उतरवून ठेवायची, चपलेसारखी.

कायद्याचं पुढचं थोडक्यात सांगते, कारण ते अजून निवलेलं नाही. २००६ साली नागराज खटल्यात न्यायालयानं या सगळ्या घटनादुरुस्त्या वैध ठरवल्या, पण अट घातली: पदोन्नतीत आरक्षण द्यायचं तर मागासलेपणाची आणि अपुऱ्या प्रतिनिधित्वाची आकडेवारी सरकारनं गोळा करावी, कार्यक्षमतेला बाधा येत नाही हेही बघावं. २०१८ च्या जर्नैलसिंग निकालानं अनुसूचित जाती-जमातींच्या मागासलेपणाचा पुरावा मागणं बंद केलं. बाकीची आकडेवारी हवीच, आणि ती एकेका संवर्गाची हवी, असं २०२२ साली स्पष्ट केलं. आपल्या राज्यात २००४ सालच्या शासन निर्णयानं पदोन्नतीत ३३ टक्के आरक्षण होतं, त्यात भटके-विमुक्तही होते. आकडेवारी नव्हती. मुंबई उच्च न्यायालयानं ऑगस्ट २०१७ मध्ये तो शासन निर्णय रद्द केला. सरकार अपिलात गेलं. आणि ७ मे २०२१ ला सरकारनं आदेश काढला, की अंतिम निकालाच्या अधीन राहून पदोन्नतीच्या सगळ्या जागा २५ मे २००४ रोजीच्या ज्येष्ठतेनं भरायच्या. करोनाची दुसरी लाट चालू होती, आम्ही प्रेतांचे पास लिहीत होतो. त्यात हा कागद आला. २००८ साली मुलाला सोडून गेलेली मी, माझी तेरा वर्षं बाजूला ठेवून परत २००४ च्या रांगेत उभी राहिले. तहसीलदार न होता निवृत्त झाले.

लोक म्हणतात, एवढी आकडेवारी गोळा करणं सोपं नाही. कर्नाटकात केली. तिथला ज्येष्ठतेचा कायदा न्यायालयानं २०१७ च्या फेब्रुवारीत रद्द केला, त्याच वर्षी त्यांनी समिती नेमून आकडे काढले, २०१८ साली नवा कायदा केला, आणि १० मे २०१९ ला सर्वोच्च न्यायालयानं तो मान्य केला. समितीच्या प्रमुख एक बाई होत्या, के. रत्नप्रभा, तिथल्या सनदी अधिकारी. त्या निकालात आणखी एक म्हटलंय, की प्रशासनाची कार्यक्षमता म्हणजे सगळ्या थरांतली माणसं त्यात असणं. ते मला फार पटलं. तहसील कार्यालयात रेशनकार्डावरून विभक्त नाव काढायला आलेली परित्यक्ता आधी बाईचं टेबल शोधते, हे मी रोज बघितलंय.

पण त्या आकड्यांबद्दल माझं एक म्हणणं आहे. न्यायालयानं जात मागितली, संवर्ग मागितला. त्यात बाई कुणी मागितली नाही, कारण आपण कधी सांगितलंच नाही. एकेका पदावर अनुसूचित जातीचे किती, हे निघेल. त्यांतल्या बायका किती, खुल्यांतल्या बायका किती, त्यांतल्या किती जणींनी नाकारली, किती जणी विनंती बदलीनं तळाला गेल्या, हे रकाने आखले तरच निघेल. आणि कृपा करून हे आरक्षणाच्या विरोधात वापरू देऊ नका. 'बघा, खरा प्रश्न जातीचा नाही, बाईचा आहे' असं म्हणायला पुष्कळ जण टपलेले आहेत. माझं आडनाव विचारून ज्यांनी खोली नाकारली त्यांना मी बाई होते हे कळलं नव्हतं असं नाही. ताईला खोली मिळाली असती. आम्हां दोघींचं नुकसान सारखं नव्हतं. पण दोन्ही नुकसानं एकाच कागदावर होती, आणि तो कागद आम्ही दोघींनी मिळून कधी वाचला नव्हता.

ताई आता मुलीकडं असते. महिन्याला फोन येतो. मागच्या फोनवर विचारत होती, तिच्या भाचीनं तलाठी म्हणून दोन वर्षं केली, आता लग्न ठरलंय, नवऱ्याच्या जिल्ह्यात बदली मागू का म्हणते. मी म्हटलं, मागू दे, पण लिहून द्यायच्या आधी दोन्ही जिल्ह्यांच्या याद्या घेऊन माझ्याकडं पाठव.

मी इथं येताना एका कार्यालयाची यादी आणलीय, माहितीच्या अधिकारात मिळालेली. सव्वाशे नावं आहेत, नावं मी पांढऱ्या शाईनं झाकलीत, बाकीचे रकाने तसेच ठेवलेत. झेरॉक्स पुरेशा आहेत. जेवण झालं की चार-चार जणींनी बसू. आधी बायका मोजायच्या, मग प्रवर्ग लावायचा, मग शेऱ्याचा रकाना मोठ्यानं वाचायचा. पेन्सिली त्या पिशवीत आहेत. एकीला एक पुरेल, नाहीतर अर्धी मोडून घ्या.